घटक ४ : बाबूराव पेंढारकर – एका चित्रपटनटाचे चरित्र

अनुक्रम
४.० उद्दिष्टे
४.१ प्रास्ताविक
४.२ विषय-विवेचन
४.२.१ पेठ, संस्थान आणि चित्रपट
४.२.२ महाराष्ट्र फिल्म कंपनीतील उमेदवारी
४.२.३ बोलपटाचे आगमन आणि 'गंगानाथ'
४.२.४ संस्था उभारणारा नट
४.२.५ उत्तरायुष्यातील तीन भूमिका
४.२.६ नटाचे चरित्र कसे वाचावे?
४.३ सारांश
४.४ पारिभाषिक शब्द
४.५ स्वयंअध्ययन प्रश्नांची उत्तरे
४.६ सरावासाठी स्वाध्याय व क्षेत्रीय कार्य

४.० उद्दिष्टे

या घटकाचा अभ्यास केल्यानंतर तुम्हांला –
• बाबूराव पेंढारकर यांच्या कारकिर्दीचे प्रमुख टप्पे सांगता येतील.
• मूकपट व बोलपट यांतील अभिनयाचा फरक उदाहरणांनी स्पष्ट करता येईल.
• मराठी साहित्यिक आणि मराठी चित्रपट यांच्या संबंधात संस्थाचालक नटाने बजावलेली भूमिका समजावून देता येईल.
• नटाचे चरित्र वाचताना व लिहिताना कोणत्या अडचणी येतात, याचा विचार करता येईल.

४.१ प्रास्ताविक

विद्यार्थी मित्रहो, मागील घटकांत तुम्ही लेखक आणि समाजसुधारक यांची चरित्रे अभ्यासली. लेखक आपल्यामागे ग्रंथ ठेवून जातो. सुधारकाच्या मागे संस्था, कायदे आणि अनुयायी उरतात. त्यामुळे त्यांच्या चरित्रकाराला हाताशी धरायला काही ठोस आधार मिळतो. नटाच्या बाबतीत हा आधार फार नाजूक असतो. रंगभूमीवरचा अभिनय त्या रात्रीच संपतो. चित्रपटातील अभिनय फितीवर टिकतो असे आपण मानतो, परंतु मूकपटांच्या काळातील बहुतेक भारतीय फिती नष्ट झाल्या आहेत. मग अशा नटाचे चरित्र कशाच्या बळावर सांगायचे?

हा प्रश्न डोळ्यांसमोर ठेवून या घटकात आपण बाबूराव पेंढारकर (१८९६–१९६७) यांचे जीवन पाहणार आहोत. कोल्हापुरातील मूकपटांच्या आरंभापासून 'दो आँखें बारह हाथ'सारख्या आंतरराष्ट्रीय कीर्तीच्या चित्रपटापर्यंत त्यांची कारकीर्द पसरलेली आहे. ते नट होते, व्यवस्थापक होते, निर्माते होते. खलनायक म्हणून त्यांनी नाव मिळवले आणि वयाच्या अठ्ठावन्नाव्या वर्षी पडद्यावर महात्मा जोतीराव फुले साकारले. या दोन टोकांमधला प्रवास हा आपल्या अभ्यासाचा गाभा आहे.

४.२ विषय-विवेचन

४.२.१ पेठ, संस्थान आणि चित्रपट

कोल्हापूर शहर तुम्ही पाहिले असेल, तर अंबाबाईच्या देवळापासून रंकाळ्याच्या दिशेने पसरलेली शिवाजी पेठ तुमच्या परिचयाची असेल. तालमी, मंडळे, फुटबॉलचे वेड आणि कुस्तीचा अभिमान यांसाठी ही पेठ ओळखली जाते. याच पेठेच्या तोंडाशी, खरी कॉर्नरजवळ, कॅमेऱ्याची प्रतिकृती मिरवणारा एक स्तंभ उभा आहे. बाबूराव पेंटर यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीचे ते स्मारक होय. रोज त्याच्यावरून जाणाऱ्या अनेकांना तो केवळ रस्त्याची खूण वाटतो. आपल्या विषयाचा आरंभ मात्र तेथूनच होतो.

विसाव्या शतकाच्या दुसऱ्या दशकात कोल्हापूरसारख्या संस्थानी गावात चित्रपटाचा धंदा रुजावा, याला काही कारणे होती. राजर्षी शाहू महाराजांनी मल्ल, गायक, चित्रकार आणि नट यांना सढळ आश्रय दिला होता. खासबागेचे कुस्तीमैदान आणि त्याला लागून उभारलेले पॅलेस थिएटर ही या आश्रयाची दृश्य रूपे आहेत. नाटक कंपन्यांचा येथे सतत राबता असे. आनंदराव आणि बाबूराव हे मेस्त्री बंधू नाटकांचे पडदे रंगवून प्रसिद्धीस आले होते. म्हणजे पडदा रंगवणारे हात, अभिनय जाणणारी माणसे, शरीर कमावलेले तरुण आणि आश्रयदाते राजघराणे या चारही गोष्टी एकाच गावात चालत जाण्याच्या अंतरावर होत्या. चित्रपट ही सामूहिक कला आहे. तिला अशी वस्तीच लागते.

बाबूराव पेंढारकर यांचा जन्म २२ जून १८९६ रोजी कोल्हापुरात झाला. पुढे दिग्दर्शक म्हणून कीर्ती मिळवलेले भालजी पेंढारकर हे त्यांचे धाकटे बंधू. मास्टर विनायक हेही नात्याने त्यांचे धाकटे बंधू, तर व्ही. शांताराम हे मावसभाऊ. एकाच नात्यागोत्यातील चार माणसांनी मराठी चित्रपटाचा पहिला अर्धशतकाचा इतिहास घडवावा, हे विलक्षण आहे. या चौघांत बाबूराव वयाने सर्वांत मोठे. घरातल्या थोरल्यावर जी जबाबदारी येते, ती त्यांच्यावर धंद्यातही आली.

४.२.२ महाराष्ट्र फिल्म कंपनीतील उमेदवारी

दादासाहेब फाळके यांचा 'राजा हरिश्चंद्र' १९१३ साली पडद्यावर आला. तो पाहून भारावलेल्या मेस्त्री बंधूंनी स्वतःचा कॅमेरा तयार करण्याचा ध्यास घेतला. आनंदराव १९१६ मध्ये वारले. बाबूरावांनी, म्हणजेच बाबूराव पेंटर यांनी, ते काम पुढे नेले आणि १९१७-१८ च्या सुमारास महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी केली. गायिका तानीबाई कागलकर यांनी तिला भांडवल दिले आणि शाहू महाराजांचे साहाय्यही मिळाले. कंपनीचा पहिला चित्रपट 'सैरंध्री' १९२० मध्ये प्रदर्शित झाला. फाळक्यांच्या तारामतीची भूमिका पुरुषाने केली होती. 'सैरंध्री'त स्त्रिया पडद्यावर आल्या. त्या काळात हे धाडस किती मोठे होते, हे वेगळे सांगायला नको.

याच कंपनीत बाबूराव पेंढारकर दाखल झाले. नट म्हणून तेथे काम करतानाच व्यवस्थापनाचा भारही त्यांच्याकडे आला. त्या वेळच्या फिल्म कंपनीत हे दोन विभाग फारसे वेगळे नसत. सकाळी सूर्यप्रकाश असेपर्यंत चित्रण, नंतर रंगकाम, सुतारकाम, फिती धुणे आणि हिशेब असा दिनक्रम असे. एकच माणूस राजवस्त्रे घालून कॅमेऱ्यासमोर उभा राहत असे आणि ती वस्त्रे उतरवून मजुरांची हजेरी घेत असे. वेतन मासिक होते. नट हा कंपनीचा नोकर होता, 'तारा' ही कल्पना अजून जन्मायची होती.

व्यवस्थापक म्हणून बाबूरावांनी केलेली एक गोष्ट मराठी चित्रपटाच्या इतिहासात निर्णायक ठरली. गंधर्व नाटक मंडळीत आणि नंतर हुबळीत उमेदवारी केलेल्या आपल्या मावसभावाला, शांतारामला, त्यांनी कंपनीत आणले. तेथे शांतारामांनी पडेल ते काम करीत सर्व अंगे शिकून घेतली. १९२५ च्या 'सावकारी पाश'मध्ये जमीन गमावणाऱ्या तरुण शेतकऱ्याची भूमिका त्यांनीच केली. विष्णुपंत दामले आणि एस. फत्तेलाल हेही याच कंपनीत तयार झाले. म्हणजे पुढील 'प्रभात'ची पाठशाळा पेठेच्या तोंडाशी असलेल्या या आवारात भरत होती.

बाबूरावांनी मात्र शिक्षण पुरे होताच बाहेरची वाट धरली. भालजींबरोबर त्यांनी वंदे मातरम् फिल्म कंपनी काढली. तिचा १९२६ मधील 'वंदे मातरम् आश्रम' हा ब्रिटिश शिक्षणपद्धतीवर टीका करणारा मूकपट सेन्सॉरच्या कात्रीत सापडला. संस्थेचा हा पहिला घाव होता. असे घाव पुढे त्यांना वारंवार सोसावे लागणार होते, हे ध्यानात ठेवून पुढील भाग वाचा.

स्वयंअध्ययनासाठी प्रश्न – १
अ) एका वाक्यात उत्तरे लिहा.
१) महाराष्ट्र फिल्म कंपनीला भांडवल पुरवणाऱ्या गायिका कोण?
२) 'सावकारी पाश' या चित्रपटात तरुण शेतकऱ्याची भूमिका कोणी केली?
ब) कोल्हापुरात चित्रपटाचा धंदा रुजण्यास अनुकूल ठरलेल्या दोन गोष्टी लिहा.

४.२.३ बोलपटाचे आगमन आणि 'गंगानाथ'

१ जून १९२९ रोजी शांताराम, दामले, फत्तेलाल, केशवराव धायबर आणि सीतारामपंत कुलकर्णी यांनी कोल्हापुरात प्रभात फिल्म कंपनी स्थापन केली. बाबूराव पेंढारकर भागीदार नव्हते, तरी लवकरच ते तेथे आले. १९३१ मध्ये 'आलम आरा'ने भारतीय पडद्याला वाचा फोडली आणि पुढच्याच वर्षी 'प्रभात'ने 'अयोध्येचा राजा' हा पहिला बोलपट मराठी व हिंदी अशा दोन भाषांत आणला. गोविंदराव टेंबे हरिश्चंद्र, दुर्गा खोटे तारामती, विनायक नारद आणि बाबूराव खलपात्र गंगानाथ अशी त्यातील पात्ररचना होती. आज उपलब्ध असलेला हा सर्वांत जुना मराठी बोलपट आहे. त्यामुळे बाबूरावांचा तरुणपणातला अभिनय प्रत्यक्ष पाहण्याची संधी तुम्हांला आहे. ती अवश्य घ्या.

ही भूमिका नीट समजण्यासाठी त्या वेळची तांत्रिक परिस्थिती लक्षात घ्यावी लागते. पार्श्वगायनाची आणि मागाहून आवाज भरण्याची पद्धत अजून रूढ व्हायची होती. चित्र आणि ध्वनी एकाच वेळी मुद्रित होत. ध्वनिक्षेपक कोठेतरी दडवून ठेवलेला असे आणि नटाला त्याच्या टप्प्यातच बोलावे लागे. मान वळवली तर शब्द हरवत. आवाज चढवला तर तो फाटत असे. शिवाय तेच दृश्य मराठीत झाल्यावर पुन्हा हिंदीत करावे लागे. एक भूमिका वस्तुतः दोनदा करावी लागे.

अशा वेळी दोन प्रकारच्या नटांची अडचण झाली. मूकपटातले नट हातवाऱ्यांनी व डोळ्यांनी बोलण्यास सरावलेले होते. त्यांच्यापैकी अनेकांना वाणी नव्हती. संगीत रंगभूमीवरून आलेल्या नटांना वाणी होती, परंतु ती शेवटच्या रांगेतल्या प्रेक्षकापर्यंत पोहोचवण्यासाठी घडलेली होती. बाबूराव या दोहोंच्या मधोमध उभे होते. मूकपटात त्यांचा चेहरा तयार झाला होता आणि आवाज नाटकी सवयींत अडकलेला नव्हता. गंगानाथाची भूमिका करताना त्यांनी संवाद खालच्या पट्टीत ठेवला, नजरेवर अधिक भर दिला. प्रेक्षकाला खलत्व ऐकू येण्याआधी दिसते. पुढच्या पंचवीस वर्षांत मराठी पडद्यावर जो सुसंस्कृत, हळू बोलणारा आणि म्हणूनच अधिक भीतिदायक वाटणारा खलपुरुष रूढ झाला, त्याच्या घडणीत या भूमिकेचा मोठा वाटा आहे.

येथे एक गोष्ट तुम्ही साहित्याच्या अंगाने तपासून पाहा. पौराणिक नाटकांतील खलपात्र बहुधा एकाच रंगात रंगवलेले असे. त्याचा आवाज, मिशा, चाल यांवरून प्रेक्षक त्याला ओळखत असे. कॅमेरा जवळ आला, तेव्हा ही बाह्य लक्षणे भडक दिसू लागली. जवळून पाहिल्या जाणाऱ्या दुष्टाला मन असावे लागते. कादंबरीत जे काम निवेदकाची भाषा करते, ते चित्रपटात नटाच्या चेहऱ्यावर येऊन पडते. मराठीतील सामाजिक कथा पडद्यावर येण्यापूर्वी हा बदल घडणे आवश्यक होते.

४.२.४ संस्था उभारणारा नट

१९३३ मध्ये 'प्रभात' कोल्हापूर सोडून पुण्यास गेली. संस्थानच्या दृष्टीने ही मोठी हानी होती. छत्रपती राजाराम महाराजांच्या पाठिंब्याने कोल्हापूर सिनेटोन ही नवी संस्था उभी राहिली आणि तिच्या उभारणीत बाबूराव आघाडीवर होते. पुण्यातील स्थिर संस्थेबरोबर जाण्याऐवजी त्यांनी गावात राहून नवी घडी बसवण्याचा मार्ग निवडला. भालजींनी दिग्दर्शित केलेला 'आकाशवाणी' आणि विनायकांचे दिग्दर्शनातील पहिले पाऊल ठरलेला 'विलासी ईश्वर' (१९३५) हे या संस्थेचे चित्रपट. 'विलासी ईश्वर'ची कथा मामा वरेरकरांची होती आणि त्यातून शोभना समर्थ पडद्यावर आल्या.

१९३६ मध्ये बाबूराव, विनायक आणि छायालेखक पांडुरंग नाईक या तिघांनी हंस पिक्चर्स काढली. मराठी साहित्याच्या विद्यार्थ्यांनी या संस्थेकडे विशेष लक्ष द्यावे. तोपर्यंत मराठी पडद्यावर पुराण आणि इतिहास यांचे राज्य होते. 'हंस'ने समकालीन लेखकांकडे जाऊन त्यांच्याकडून पडद्यासाठी लेखन करवून घेतले. शिरोड्यास शिक्षक असलेल्या वि. स. खांडेकरांनी 'छाया' (१९३६) लिहिला. चित्रपटासाठी त्यांनी केलेले हे पहिले लेखन. प्र. के. अत्रे 'धर्मवीर' (१९३७) या चित्रपटाद्वारे पटकथेकडे वळले आणि नंतर 'ब्रह्मचारी' (१९३८) व 'ब्रँडीची बाटली' (१९३९) लिहून त्यांनी मराठीत विनोदी बोलपटाचा पाया घातला. चिं. वि. जोशी यांच्या कथेवर 'लग्न पाहावे करून' (१९४०) निघाला. खांडेकरांचा ध्येयवाद, अत्र्यांचे विडंबन आणि चिं. वि. जोशींचा घरगुती विनोद या तीन प्रवृत्ती एका संस्थेच्या छत्राखाली नांदल्या.

या यशाचे श्रेय सामान्यतः दिग्दर्शक विनायकांना आणि लेखकांना दिले जाते, आणि ते योग्यच आहे. तथापि, लेखकाला बोलावणे, त्याचा मान राखणे, भांडवल जमवणे, चित्रणाचे वेळापत्रक आखणे आणि त्याच चित्रपटांतून भूमिकाही करणे हे काम करणारा माणूस श्रेयनामावलीत लहान अक्षरांत दिसतो. बाबूरावांच्या चरित्रातील हा भाग झाकलेला राहतो, कारण व्यवस्थापनाला प्रेक्षक नसतो.

१९४० च्या सुमारास ही मंडळी पुण्याच्या नवयुग चित्रपट संस्थेत गेली. तेथे खांडेकरांच्या कथेवरील 'अमृत' (१९४१) निघाला. थोड्याच काळात मतभेद होऊन वाटा वेगळ्या झाल्या. बाबूरावांनी न्यू हंस ही संस्था काढली. विनायकांनी १९४३ मध्ये प्रफुल्ल पिक्चर्स सुरू केली.

महाराष्ट्र फिल्म कंपनी, वंदे मातरम्, प्रभात, कोल्हापूर सिनेटोन, हंस, नवयुग, न्यू हंस! दोन तपांत सात संस्था. ही यादी वाचून बाबूरावांचा स्वभावच अस्थिर होता, असा निष्कर्ष तुम्ही काढाल. तो काढण्यापूर्वी धंद्याची रचना पाहा. मराठी चित्रपटाचा प्रेक्षक मर्यादित होता. खर्च भरून येण्यासाठी हिंदी आवृत्ती काढावी लागे, म्हणजे खर्च आणखी वाढे. बँका या धंद्याला उभ्या करीत नसत. सावकारी व्याजाने पैसा घ्यावा लागे. एखादा चित्रपट पडला की संस्थाच डळमळे. दुसऱ्या महायुद्धात कच्च्या फितीवर सरकारी नियंत्रण आले आणि चित्रपटाची लांबी अकरा हजार फुटांवर मर्यादित झाली. ज्याच्यापाशी फीत, त्याच्यापाशी धंदा अशी स्थिती झाली. या परिस्थितीत एक संस्था मोडल्यावर दुसरी उभी करणे, हे चंचलपणाचे लक्षण मानावे की चिकाटीचे? उत्तर तुम्ही स्वतः शोधायचे आहे. मात्र ते शोधताना व्यक्तीबरोबर व्यवस्थाही विचारात घ्या.

स्वयंअध्ययनासाठी प्रश्न – २
अ) योग्य जोड्या लावा.
१) 'छाया' — क) प्र. के. अत्रे
२) 'ब्रह्मचारी' — ख) मामा वरेरकर
३) 'विलासी ईश्वर' — ग) वि. स. खांडेकर
ब) आरंभीच्या बोलपटांत नटांना कोणत्या तांत्रिक मर्यादा सांभाळाव्या लागत? (४–५ ओळी)

४.२.५ उत्तरायुष्यातील तीन भूमिका

पन्नाशीच्या उंबरठ्यावर संस्थाचालकाची वस्त्रे उतरली आणि बाबूराव प्रामुख्याने नट उरले. ही उतरती कळा ठरली असती. प्रत्यक्षात त्यांच्या सर्वांत परिपक्व भूमिका याच काळातल्या आहेत. त्यांपैकी तीन पाहू.

पहिली, 'डॉ. कोटणीस की अमर कहानी' (१९४६). सोलापूरचे डॉ. द्वारकानाथ कोटणीस १९३८ मध्ये भारतीय वैद्यकीय पथकाबरोबर चीनला गेले आणि जखमी सैनिकांची सेवा करीत १९४२ मध्ये तेथेच वारले. ख्वाजा अहमद अब्बास यांच्या पुस्तकावर आधारलेल्या या चित्रपटात शांताराम कोटणीस झाले आणि बाबूराव जनरल फाँग. परदेशी, परभाषी, परधर्मी सेनानीची भूमिका ही नटाची कसोटी असते. वेशभूषेवर विसंबून ती सहज हास्यास्पद होऊ शकते. बाबूरावांनी तिला एका थकलेल्या, जबाबदार अधिकाऱ्याचे वजन दिले.

दुसरी भूमिका अत्र्यांच्या 'महात्मा फुले' (१९५४) मधील. या भूमिकेपाशी आपण थोडे थांबू. ज्या नटाला प्रेक्षकांनी वर्षानुवर्षे कपटी म्हणून पाहिले, त्याला अत्र्यांनी जोतीरावांच्या भूमिकेसाठी निवडले. सावित्रीबाईंची भूमिका सुलोचनाबाईंनी केली. चित्रपटाचा मुहूर्त डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या हस्ते झाला आणि गाडगे महाराज त्यात प्रत्यक्ष दिसतात. या चित्रपटाला मराठीतील सर्वोत्कृष्ट कथापटाचे राष्ट्रपती रौप्यपदक मिळाले.

या निवडीचे मोल कळण्यासाठी काळाचा संदर्भ हवा. कोल्हापूर हे वेदोक्त प्रकरणाचे आणि सत्यशोधक चळवळीच्या दुसऱ्या बहराचे गाव. ब्राह्मण-ब्राह्मणेतर वाद येथे केवळ ग्रंथांतून चालला नव्हता. तो गल्लीबोळांतून, शाळांतून, दरबारातून चालला होता. १९४८ मध्ये गांधीहत्येनंतर उसळलेल्या दंगलीत बाबूरावांच्याच भावाचा, भालजींचा, जयप्रभा स्टुडिओ जाळला गेला. कोल्हापूर सिनेटोनचा तोच हा स्टुडिओ होता. म्हणजे बाबूरावांनी ज्या वास्तूच्या उभारणीत आयुष्याची उमेदीची वर्षे घातली, तीच आगीत सापडली. त्यानंतर अवघ्या सहा वर्षांनी त्याच घरातला थोरला भाऊ, वर्णश्रेष्ठत्वाला आयुष्यभर आव्हान देणाऱ्या जोतीरावांच्या वेशात कॅमेऱ्यासमोर उभा राहिला.

ही घटना वाचताना आपण दोन्ही बाजूंनी सावध राहिले पाहिजे. नटाने स्वीकारलेल्या भूमिकेला त्याच्या वैयक्तिक मतांचे जाहीरनामे मानू नये. भूमिका ही व्यवसायाचाही भाग असते. त्याचबरोबर ती केवळ मजुरी म्हणूनही सोडून देता येत नाही. ज्या वेळी जखम ताजी असते, त्या वेळी समोरच्या बाजूचा अर्थ आपल्या देहातून व्यक्त करणे, त्याच्या रागाला आणि करुणेला आपला आवाज देणे, याला काही किंमत मोजावी लागते. प्रेक्षकांनीही काहीतरी विसरण्याची तयारी दाखवावी लागते. खलनायकाचा चेहरा आणि नटाची जात या दोन्ही गोष्टी बाजूला ठेवून त्यांनी पडद्यावरच्या जोतीरावांना स्वीकारावे, हा त्या भूमिकेतला खरा पण होता.

अभिनयाच्या अंगानेही ही भूमिका अवघड होती. जोतीरावांनी १८४८ मध्ये मुलींची शाळा काढली, तेव्हा ते एकवीस वर्षांचे होते; १८९० मध्ये ते वारले, तेव्हा त्रेसष्ट वर्षांचे. अठ्ठावन्न वर्षांच्या नटाला ही सारी वयोमाला पेलायची होती. तरुणपणीचा आवेश त्याला आठवून करावा लागतो. म्हातारपणचा थकवा त्याच्यापाशी असतोच.

तिसरी भूमिका शांतारामांच्या 'दो आँखें बारह हाथ' (१९५७) मधील तुरुंगाधिकाऱ्याची. औंध संस्थानात आटपाडीजवळ स्वतंत्रपूर येथे झालेल्या मुक्त तुरुंगाच्या प्रयोगावरून ग. दि. माडगूळकरांनी ही कथा रचली. सहा खुनी कैद्यांना विश्वासाने सुधारू पाहणारा आदिनाथ म्हणजे शांताराम. त्याच्या प्रयोगाकडे साशंकतेने, पण न्यायबुद्धीने पाहणारा वरिष्ठ अधिकारी म्हणजे बाबूराव. भूमिका लहान आहे, तिच्याशिवाय मात्र कथेला ताण येत नाही. प्रेक्षकाच्या मनातली शंका त्याच्या तोंडून बोलली जाते. तो पटला की प्रेक्षक पटतो. या चित्रपटाला राष्ट्रपती सुवर्णपदक मिळाले आणि बर्लिनच्या महोत्सवात त्याचा गौरव झाला. सदतीस वर्षांपूर्वी ज्या मावसभावाला बाबूरावांनी हाताला धरून कंपनीत आणले होते, त्याच्याच चित्रपटात ते आता त्याच्यासमोर उभे होते. हा योग कथाकाराने रचला असता, तर आपण त्याला कृत्रिम म्हटले असते.

८ नोव्हेंबर १९६७ रोजी बाबूरावांचे निधन झाले. त्यापूर्वी 'चित्र आणि चरित्र' हे आत्मकथन लिहून त्यांनी स्वतःच्या आणि सहकाऱ्यांच्या धडपडीची नोंद केली होती.

४.२.६ नटाचे चरित्र कसे वाचावे?

आता प्रास्ताविकातील प्रश्नाकडे वळू. नटाचे चरित्र सांगण्यासाठी तीन प्रकारचे आधार असतात : उपलब्ध चित्रपट, नटाचे आत्मकथन आणि समकालीनांच्या आठवणी. या प्रत्येकाची शक्ती व मर्यादा वेगळी आहे.

चित्रपट हा सर्वांत विश्वसनीय पुरावा, परंतु तो अपुरा आहे. महाराष्ट्र फिल्म कंपनीचे चित्रपट आज जवळजवळ सारे नाहीसे झाले आहेत. मूकपटांच्या फिती नायट्रेटच्या असत. त्या सहज पेट घेत, आणि चित्रपट जुना झाला की त्यांतली चांदी काढण्यासाठी विकल्याही जात. म्हणून बाबूरावांची उमेदवारीची वर्षे आपल्याला शब्दांतूनच पाहावी लागतात. आत्मकथन जिवंत असते, पण ते उत्तरायुष्यातल्या दृष्टीने लिहिलेले असते. संस्था का मोडली, याचे प्रत्येक भागीदाराचे उत्तर निराळे असते. समकालीनांच्या आठवणींत आपुलकी आणि दुरावा दोन्ही मिसळलेले असतात. अभ्यासकाने या तिन्ही आधारांना एकमेकांसमोर बसवून त्यांची साक्ष घ्यावी लागते.

त्याबरोबर आणखी एक प्रश्न उरतो. यश कोणाच्या नावावर लिहायचे? मराठी चित्रपटाचा इतिहास बहुधा दिग्दर्शकांच्या नावांनी सांगितला जातो : पेंटर, शांताराम, भालजी, विनायक. बाबूराव या चौघांबरोबर होते आणि त्यांपैकी शेवटच्या तिघांच्या उभारणीला त्यांनी हात लावला. इतिहासाची मांडणी बदलून आपण संस्था हा केंद्रबिंदू धरला, तर हेच नाव समासातून मध्यभागी येते. चरित्रलेखनात कोणता बिंदू केंद्र धरायचा, ही निवड निष्पाप नसते, हा या घटकाचा महत्त्वाचा बोध आहे. तुमच्या गावातील शाळा, वाचनालय, नाट्यमंडळ किंवा सहकारी संस्था यांचा इतिहास आठवून पाहा. फलकावर ज्यांचे नाव नाही, पण ज्यांच्यावाचून ती संस्था उभीच राहिली नसती, अशी माणसे तुम्हांलाही आठवतील.

४.३ सारांश

बाबूराव पेंढारकर यांची कारकीर्द महाराष्ट्र फिल्म कंपनीत सुरू झाली. नट आणि व्यवस्थापक ही दोन्ही कामे त्यांनी तेथेच आत्मसात केली. 'अयोध्येचा राजा'तील गंगानाथाच्या भूमिकेने त्यांना बोलपटातील प्रभावी खलनायक म्हणून प्रस्थापित केले. कोल्हापूर सिनेटोन, हंस, नवयुग आणि न्यू हंस या संस्थांतून त्यांनी काम केले. विशेषतः 'हंस'मुळे खांडेकर, अत्रे, चिं. वि. जोशी यांचे साहित्य पडद्यावर आले. मर्यादित बाजारपेठ, महाग भांडवल व युद्धकालीन निर्बंध यांमुळे या संस्था अल्पायुषी ठरल्या. उत्तरायुष्यात जनरल फाँग, महात्मा फुले आणि तुरुंगाधिकारी या भूमिकांतून त्यांच्या अभिनयाची परिपक्वता दिसली. 'महात्मा फुले'मधील भूमिकेला १९४८ नंतरच्या सामाजिक तणावाची पार्श्वभूमी आहे. नटाचे चरित्र लिहिताना उपलब्ध चित्रपट, आत्मकथन आणि आठवणी हे तिन्ही आधार परस्परांशी ताडून पाहावे लागतात.

४.४ पारिभाषिक शब्द

मूकपट : ध्वनीविना चित्रित केलेला चित्रपट, संवाद अक्षरपट्ट्यांतून दाखवले जात.
बोलपट : चित्राबरोबर ध्वनी असलेला चित्रपट.
छायालेखक : कॅमेरा व प्रकाशयोजना सांभाळणारा तंत्रज्ञ.
ध्वनिक्षेपक : आवाज ग्रहण करणारे यंत्र, मायक्रोफोन.
मुहूर्त : चित्रपटाच्या चित्रणाचा औपचारिक शुभारंभ.

४.५ स्वयंअध्ययन प्रश्नांची उत्तरे

प्रश्न – १
अ) १) तानीबाई कागलकर. २) व्ही. शांताराम.
ब) संस्थानचा कलांना मिळालेला आश्रय, नाटकांचे पडदे रंगवणारे कलावंत व नट यांची गावातच असलेली उपलब्धता.

प्रश्न – २
अ) १–ग, २–क, ३–ख.
ब) चित्र व ध्वनी एकाच वेळी मुद्रित होत. दडवलेल्या ध्वनिक्षेपकाच्या टप्प्यात राहून बोलावे लागे. आवाज फार चढवता येत नसे व हालचालींवर बंधन येई. दोन भाषांच्या आवृत्त्यांसाठी तेच दृश्य दोनदा करावे लागे.

४.६ सरावासाठी स्वाध्याय व क्षेत्रीय कार्य

१) 'बाबूराव पेंढारकर यांच्या कारकिर्दीतील संस्थांची मालिका ही त्या काळच्या मराठी चित्रपटव्यवसायाची कहाणी आहे.' या विधानाची चर्चा करा.
२) खलनायकाच्या भूमिका करणाऱ्या नटाने 'महात्मा फुले' साकारण्यात कोणते धोके व कोणत्या शक्यता होत्या, ते लिहा.
३) मराठी साहित्यिकांचा चित्रपटाशी आलेला संबंध 'हंस पिक्चर्स'च्या आधारे स्पष्ट करा.
४) क्षेत्रीय कार्य : 'अयोध्येचा राजा' आणि 'दो आँखें बारह हाथ' हे चित्रपट पाहा. दोन्हींतील बाबूरावांचे एकेक दृश्य निवडा आणि आवाज, नजर, हालचाल या तीन मुद्द्यांवर तुलना करणारे दोन पानांचे टिपण तयार करून संपर्कसत्रास आणा. कोल्हापूर परिसरातील विद्यार्थ्यांनी खरी कॉर्नर येथील स्तंभाला भेट द्यावी, आसपासच्या वयोवृद्ध रहिवाशांकडून फिल्म कंपन्यांच्या ऐकीव आठवणी टिपून घ्याव्यात आणि त्यांतील कोणती माहिती पडताळून पाहता येते व कोणती केवळ आख्यायिका आहे, याची विभागणी करावी.